उजळ्याच्या उजेडाविषयी

या पुस्तकात ज्या जनावराचं चरित्र आहे, ते कुठेही नाही. एका मंद तांबड्या ताऱ्याभोवती फिरणाऱ्या ग्रहावर राहणारं, सशाहून मोठं आणि खोकडाहून लहान, अंगभर केस असलेलं, पिलांना दूध पाजणारं आणि ताऱ्याचा भडका उडाला की हिरवट उजळणारं असं ते मी कल्पिलं आहे. त्याला मी उजळ्या म्हणतो. ग्रह कल्पित, जनावरही कल्पित. पण त्याच्या अंगावरचा उजेड मी मनानं रचलेला नाही. तो बीड जिल्ह्यातल्या माळावर, दगडाखाली, आजही आहे. वाचकानं उजळ्याच्या बिळात शिरण्याआधी त्या उजेडाची नीट ओळख करून घ्यावी, यासाठी ही प्रस्तावना.

आधी अंधाराबद्दल. बीडमध्ये रात्र म्हणजे झोपेची वेळ असं सरसकट म्हणता येत नाही. शेतीपंपाची लाईट रात्रपाळीला आली की दारं धरायला अंधारातच जावं लागतं. ज्वारी हुरड्यात आली की रानडुकरांपायी जागल करावी लागते. दसरा-दिवाळीनंतर कोयता घेऊन घाटाखाली ऊसतोडीला गेलेली माणसं पहाटेच्या काळोखात फडात उतरतात, आणि गाडी भरायची वेळ रात्री-अपरात्री कधीही येते. त्यांची लेकरं कोपीत झोपतात. तिथं पाचटाच्या फटीतूनही आभाळ दिसतं. इथल्या माणसाला अंधार कामातून ठाऊक आहे, आणि अंधारात कोण फिरतं याची त्याला जी माहिती असते, ती मला पुष्कळ पुस्तकांत मिळाली नाही.

त्या माहितीचा पहिला धडा डोळ्यांचा. डोक्याला बॅटरी बांधून बांधावरून चालताना समोर आधी जनावर दिसत नाही, दोन ठिपके दिसतात. जाणता माणूस त्या ठिपक्यांची जमिनीपासूनची उंची बघतो, दोन्हींमधलं अंतर बघतो, ते एका जागी थांबतात की सरकतात ते बघतो, आणि सांगतो की शेळी आहे, मांजर आहे की खोकड. रस्त्याच्या तापलेल्या मातीवर बसलेल्या रातव्याचा डोळा निखाऱ्यासारखा तांबडा दिसतो. गवतात दवासारखं चमकणारं जे असतं, त्यातलं बरंचसं कोळ्यांच्या डोळ्यांचं असतं. रात्री फिरणाऱ्या पुष्कळ सस्तन प्राण्यांच्या डोळ्यात, दृष्टिपटलाच्या मागे एक परावर्तक थर असतो. आत आलेला उजेड एकदा निसटला तर हा थर त्याला परत पाठवतो आणि डोळ्याला तो टिपायची दुसरी संधी देतो. माणसात आणि माकडांत हा थर नाही. म्हणून आपण रात्री अडखळतो आणि शेळी अडखळत नाही. इथं लक्षात ठेवायचं ते एवढंच की हा उजेड जनावराचा नव्हे. बॅटरी विझवली की तोही विझतो.

दुसरा धडा विंचवाचा, आणि माझ्या सगळ्या पुस्तकाचं मूळ त्यात आहे. नोटा तपासायला वापरतात तसली जांभळट, अतिनील किरणांची बॅटरी आता तालुक्याच्या बाजारातही मिळते. अमावास्येच्या आसपास ती घेऊन माळावर गेलं, की ज्या दगडांवरून आपण दिवसभर चाललो त्यांच्या कडेला हिरव्या-निळ्या रंगाचे विंचू उजळलेले दिसतात. तांबडा विंचू असो की काळी इंगळी, दोन्ही उजळतात. (बघायला जाणाऱ्यांनी पायात बूट घालावेत आणि दगडाखाली हात घालू नये, तांबड्या विंचवाचा दंश लहान मुलाच्या जिवावर बेतू शकतो.) विंचवाच्या कवचातली काही द्रव्यं अतिनील किरण शोषतात आणि त्याच क्षणी डोळ्यांना दिसणारा उजेड बाहेर टाकतात. शास्त्रात याला अनुस्फुरण म्हणतात. हा व्यवहार मोठी नोट मोडून सुटे घेण्यासारखा आहे: अतिनील किरणांत ऊर्जा जास्त, हिरव्या उजेडात कमी, आणि मधला फरक उष्णतेच्या रूपानं कापला जातो. विंचवाच्या पदरचं मात्र काही जात नाही.

विंचू उजळतो ही नोंद १९५४ पासून आहे. का उजळतो, यावर एकमत नाही. एक विचार असा, की त्याचं सबंध अंग उजेड जोखायचं काम करतं: पाठीवर अतिनील किरण पडले, पाठ हिरवी झाली आणि तो हिरवा रंग त्याच्या मज्जासंस्थेला कळला, की आपण अजून उघड्यावर आहोत हे त्याला समजतं. दुसरा विचार असा, की हा नुसता कवचाच्या रसायनाचा योगायोग आहे. नुकतीच कात टाकलेला विंचू उजळत नाही. कवच घट्ट होत जातं तसा उजेड येतो. उलट मेलेला, संग्रहालयात वर्षानुवर्षं स्पिरिटमध्ये ठेवलेला विंचू उजळत राहतो. या दोन गोष्टी वाचकानं मनात ठेवाव्यात. उजळ्याच्या आयुष्यातल्या दोन मोठ्या अडचणी मी त्यांतूनच घेतल्या आहेत.

तिसरा उजेड काजव्याचा. तो सर्वांना माहीत असतो, आणि जूनच्या सुरुवातीला भंडारदऱ्याच्या बाजूला त्यासाठी जत्रा भरते, म्हणून त्याच्यावर फार लिहीत नाही. काजव्याच्या पोटात ल्युसिफेरिन नावाचं द्रव्य ऑक्सिजनशी संयोग पावतं, ल्युसिफरेज हे विकर ती क्रिया घडवून आणतं, आणि त्यासाठी लागणारं इंधन काजव्याच्या शरीरातून येतं. ही जीवदीप्ती. ती स्वतःची आहे, म्हणूनच तिला खर्च आहे.

सस्तन प्राण्यांपैकी एकालाही जीवदीप्ती नाही. समुद्रातले मासे, जेलीफिश, बुरशी, किडे, गांडुळं यांच्यात ती पुन्हापुन्हा, वेगवेगळ्या वाटांनी उपजली. केसाळ, दूध पाजणाऱ्या कुळात एकदाही नाही. असं का झालं असावं, याचा माग काढताना गॉर्डन वॉल्स या अभ्यासकानं १९४२ मध्ये मांडलेली एक कल्पना उपयोगी पडते. सस्तन प्राण्यांचे पूर्वज डायनासोरांच्या काळात दिवसा बाहेर पडू शकत नव्हते. कोट्यवधी वर्षं ते रात्रीच जगले. त्या काळात त्यांची रंगदृष्टी क्षीण झाली, नाक-कान-मिशा तीक्ष्ण झाल्या आणि अंगाचा रंग मातीचा, पाचोळ्याचा झाला. मोर दिवसाचा राजा, म्हणून तो निळा-हिरवा. त्याच झुडपाखालचं साळिंदर रात्रीचं, म्हणून ते मातकट. पाटोदा तालुक्यात नायगावला १९९४ मध्ये मोरांसाठी अभयारण्य झालं. तिथं फिरताना हा फरक मला नेहमी टोचतो. पक्ष्यांनी दाखवून जगायचं ठरवलं आणि आपल्या कुळानं दडून.

आणि तरीही २०१७ च्या मे महिन्यात अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यात जोनाथन मार्टिन या वनशास्त्राच्या प्राध्यापकांनी रात्री अतिनील बॅटरी झाडीवर मारली आणि एक उडती खार गडद गुलाबी उजळलेली पाहिली. दोन वर्षांनी त्यावर शोधनिबंध आला. २०२० मध्ये प्लॅटिपस हिरवट-निळा उजळतो हे प्रसिद्ध झालं. मग २०२३ मध्ये पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या संग्रहालयातल्या केनी ट्राव्हुलाँ आणि सहकाऱ्यांनी सस्तन प्राण्यांच्या १२५ जाती तपासल्या. थोडंफार अनुस्फुरण त्या सगळ्यांत सापडलं: कुणाच्या पांढऱ्या केसांत, कुणाच्या नखांत, काट्यांत, कातडीत. एका डॉल्फिनच्या बाहेरच्या अंगावर काहीच नव्हतं, तर तिचे दात उजळले. दात आपलेही उजळतात.

ही बातमी ऐकून पुष्कळांना वाटलं की जनावरं एकमेकांना गुप्त खुणा करतात. मला तसं वाटत नाही. केस आणि नखं ज्या केराटिनची बनतात ते स्वतःच थोडं उजळतं, आणि चांदण्यात अतिनील किरण इतके थोडे असतात की तो उजेड कुणाच्या नजरेत भरेल असं मानायला आधार तोकडा आहे. पण शक्यता तर आहे. कच्चा माल प्रत्येक केसात आहे. नाही ती गरज. प्रयोगशाळेत माणसानं ती गरज आपल्या बाजूनं पुरी केली: ओसामु शिमोमुरा यांनी १९६२ मध्ये जेलीफिशमधून हिरवं उजळणारं प्रथिन वेगळं केलं, त्याचं जनुक १९९७ मध्ये जपानमध्ये उंदरांत घातलं गेलं आणि निळ्या उजेडाखाली हिरवे दिसणारे उंदीर जन्मले. २००८ चं रसायनशास्त्राचं नोबेल या प्रथिनावरच्या कामाला मिळालं. शरीरातली पेशी कुठून कुठे जाते हे बघण्यासाठी ते उंदीर आजही वापरतात. जनावराला स्वतःला त्याचा काही उपयोग नाही.

मग सस्तन प्राण्याला उजळण्याची गरज पडेल असं जग कसं असेल?

उजळ्याची कल्पना मी पहिल्यांदा बोलून दाखवली ती बालाघाटाच्या माथ्यावर मेंढरं बसवलेल्या एका मेंढपाळाला. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, “मग त्येला लांडगं पयल्याच राती खाईल की.” परग्रहावरच्या जनावरांची जी चित्रं आपण सिनेमात पाहतो त्यांना हा प्रश्न कुणी विचारलेला नसतो. निळं उजळणारं जंगल, निळी उजळणारी श्वापदं. पण उजळून त्यांना मिळतं काय, आणि त्याची किंमत कोण भरतं, याचा पत्ता नाही. ज्या जिल्ह्यात १९७२ चा दुष्काळ अजून घराघरात सांगितला जातो, जिथं चारा आणि पाणी यांवर जनावराचं जगणं महिन्या-महिन्यानं ठरतं, तिथल्या माणसाला हा प्रश्न आधी सुचणारच. गरम रक्ताच्या प्राण्याला नुसतं अंग गरम ठेवायला सरड्याच्या कितीतरी पट अन्न लागतं. वर त्यानं उजेड जाळायचा? म्हणून काजव्याची वाट मी उजळ्यासाठी बंद केली. उरली विंचवाची.

त्या वाटेला योग्य असं आकाश मला तांबड्या खुज्या ताऱ्यांकडे सापडलं. सूर्यानंतरचा आपला सर्वात जवळचा तारा, प्रॉक्सिमा सेंटॉरी, ४.२४ प्रकाशवर्षांवर आहे आणि तो याच जातीचा. त्याच्याभोवती पृथ्वीएवढ्या वस्तुमानाच्या आसपासचा एक ग्रह आहे हे २०१६ मध्ये कळलं. तो अकरा दिवसांत एक फेरी मारतो. सुमारे ४० प्रकाशवर्षांवरच्या ट्रॅपिस्ट-१ भोवती सात ग्रह आहेत हे २०१७ मध्ये जाहीर झालं. असे ग्रह ताऱ्याच्या इतके जवळ असतात की त्यांची एकच बाजू कायम ताऱ्याकडे राहत असावी. अर्ध्या ग्रहावर न मावळणारा दिवस, अर्ध्यावर न सरणारी रात्र, आणि मध्ये संधिप्रकाशाचा पट्टा. हे तारे एरवी मंद, पण अधूनमधून त्यांचे भडके उडतात. मार्च २०१६ मध्ये प्रॉक्सिमाचा असा एक भडका टिपला गेला, की एरवी दुर्बिणीशिवाय न दिसणारा हा तारा थोडा वेळ नुसत्या डोळ्यांना दिसेल एवढा तेजस्वी झाला होता. भडक्याबरोबर अतिनील किरणांचा मारा येतो, आणि तो उघड्यावरच्या जिवाला जाळतो.

कॉर्नेल विद्यापीठातल्या जॅक ओ’मॅली-जेम्स आणि लिसा काल्टेनेगर यांनी २०१९ मध्ये यावर एक विचार मांडला. पृथ्वीवरची काही प्रवाळं अतिनील किरण शोषून त्यांचा निरुपद्रवी रंगीत उजेड करतात आणि त्यातून स्वतःला वाचवतात. तांबड्या ताऱ्यांच्या ग्रहांवर जीवसृष्टी असेल तर तिनं हाच उपाय शोधला असेल, आणि भडक्याच्या वेळी सगळा ग्रह क्षणभर उजळेल. तो उजेड कधीतरी आपल्या दुर्बिणींना टिपता येईल. हे वाचलं आणि मेंढपाळाच्या प्रश्नाचं उत्तर मला मिळालं. उजळ्याच्या अंगावर जे केस आहेत ते त्याची छत्री आहेत. भडका उडाला की ते मारक किरण झेलतात आणि हिरवे होतात. शिकाऱ्याच्या अंगावर असे केस नाहीत, म्हणून त्या वेळी त्याला बिळात दडावं लागतं. उजळ्या सर्वांत जास्त दिसतो तेव्हाच तो सर्वांत सुरक्षित असतो, आणि तीच त्याची चरायची वेळ. भडका ओसरू लागला, केस विझू लागले, की पळापळ.

पिलांचं काय, हा प्रश्न विंचवाच्या कातीनं आणला. उजळ्याचं पिलू जन्मतः उजळत नाही. केस पक्के होईपर्यंत त्याला छत्री नाही. आईला भुकेपोटी भडक्यात बाहेर पडावं लागतं आणि पिलाला आत ठेवावं लागतं, जिथं शिकारीही दडायला येतो. या एका पेचातून उजळ्याचं सगळं समाजजीवन उभं राहतं: पाळीपाळीनं बिळाची राखण, दुसरीच्या पिलाला पाजणं, आणि ज्यांचे केस म्हातारपणी झडले आहेत त्यांना आत मिळणारं मानाचं स्थान.

शास्त्रशुद्धतेसाठी एक गोष्ट मान्य करायला हवी. सस्तन प्राणी हे पृथ्वीवरचं एक कूळ आहे. सर्वांचे पूर्वज एक. दुसऱ्या ग्रहावरचा प्राणी त्या कुळात बसू शकत नाही. पण दूध ही काही एकाच कुळाची मिरास नव्हे. पारवा आपल्या पिलाला गळ्याच्या पिशवीत तयार होणारं दुधासारखं द्रव्य भरवतो. मुंगीसारख्या दिसणाऱ्या एका उडी मारणाऱ्या कोळ्याची मादी पिलांना दूध पाजते, हे २०१८ मध्ये चिनी शास्त्रज्ञांनी दाखवलं. पिलू जवळ ठेवायचं आणि अन्नाचा भरवसा नाही, असा प्रसंग जिथं येईल तिथं दुधासारखं काही निघू शकतं. उजळ्याला सस्तन म्हणतो ते या अर्थानं.

आता मराठीबद्दल थोडं, कारण हे पुस्तक मराठीतच लिहायचं होतं आणि त्याला कारणं आहेत. जयंत नारळीकरांनी १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला ‘कृष्णविवर’ ही कथा टोपणनावानं पाठवली, आणि तिथून आपल्या विज्ञानकथेला प्रतिष्ठा आली. कथेबाहेरही परग्रहावरच्या जीवनाचा प्रश्न त्यांनी सोडला नाही: २००१ मध्ये हैदराबादहून उडालेल्या फुग्यानं ४१ किलोमीटर उंचीपर्यंतच्या हवेचे नमुने आणले, आणि सूक्ष्मजीव बाहेरून येतात का हे तपासणाऱ्या त्या प्रयोगामागे ते होते. त्यांचं ऋण माझ्यावर मोठं आहे. पण आपली विज्ञानकथा मुख्यतः भौतिकशास्त्राच्या अंगानं वाढली, असं मला वाटत आलं आहे. तीत यान आहे, काळ आहे, यंत्र आहे. भुकेलं, व्यालेलं, घाबरलेलं जनावर क्वचित आहे.

ते जनावर मराठीत दुसरीकडे होतं. व्यंकटेश माडगूळकरांनी ‘सत्तांतर’मध्ये वानरांच्या टोळ्यांची लढाई अशी लिहिली की वाचताना माणसाची आठवण येत नाही, वानरांचाच जीव लागतो. १९८३ मध्ये त्या कादंबरीला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, आणि त्याच वर्षी आमच्या अंबाजोगाईत भरलेल्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. मारुती चितमपल्लींनी जंगलातल्या माणसांकडून जनावरांची भाषा आणि शब्द गोळा केले. नारळीकर २० मे २०२५ ला गेले, चितमपल्ली १८ जूनला; महिनाभरात दोघे. एकानं आपल्याला वर बघायला शिकवलं, दुसऱ्यानं पायाखाली. या दोन प्रवाहांची गाठ पडावी असं मला फार दिवस वाटत होतं. उजळ्या ही त्यासाठीची माझी खटपट आहे.

चित्रांविषयी. उजळ्याच्या बिळाचे छेद, केसांची रचना, भडक्यापूर्वीचं आणि नंतरचं माळरान अशी चित्रं मजकुराच्या मध्ये येतात, शेवटी नव्हे. अंबाजोगाईच्या दासोपंतांनी सोळाव्या-सतराव्या शतकात पंचीकरणाचा विषय, म्हणजे पंचमहाभूतांतून सृष्टी कशी घडते तो विचार, लांबलचक कापडी पासोडीवर शब्द आणि आकृती एकत्र मांडून समजावला. अवघड गोष्ट सांगताना अक्षर आणि चित्र शेजारी असावं, हे मी तिच्यावरून घेतलं.

शेवटी मेलेल्या विंचवाची गोष्ट. अनुस्फुरण जिवाबरोबर जात नाही. म्हणजे मेलेला उजळ्याही पुढच्या भडक्यात उजळणार, कळपातल्या जिवंतांसारखाच, फक्त हलणार नाही. पिलू त्याच्याकडे जाणार का? कळप त्याला वास घेऊन ओळखणार का, की पहिल्या हालचालीची वाट बघणार? तरसासारखं मढं खाणारं जनावर भडक्यात बाहेर पडायला शिकलं, तर त्याला अंगावर घ्यायला मेलेल्याचे ते केस पुरतील का? यावर लिहायला बसलो तेव्हा चार पानं होतील असं वाटलं होतं. ते पुस्तकातलं सर्वांत मोठं प्रकरण झालं, आणि त्यातलं तरस उजळ्याइतकंच महत्त्वाचं पात्र झालं. ते नववं प्रकरण आहे. ज्यांना ग्रहाच्या हवामानाची पहिली तीन प्रकरणं जड वाटतील, त्यांनी सरळ तिथून सुरुवात केली तरी चालेल.